माळ्यावरचा अर्धा माणूस

मी एकदा माणूस भंगारात दिला. पुरा नाही, अर्धा. आणि वर भंगारवाल्याला उदारपणे म्हटलं, "याचं काही देऊ नकोस रे, ने तसंच."

तेव्हा मी काही पोरगेली नव्हते. चांगली पंचेचाळिशीची, एम.बी.बी.एस. झालेली, कर्वेनगरात स्वतःचा दवाखाना, दारावर पितळी पाटी. त्यामुळे अज्ञानाची सबबही सांगता येत नाही.

झालं असं, की हिंजवडीत नुकत्याच काचेच्या इमारती उगवायला लागल्या होत्या. आमच्या ह्यांनी पिंपरीचा कारखाना सोडून तिथल्या एका कंपनीत नोकरी धरली. पगार वाढला, तशी दोन खोल्यांची जागा अचानक अपुरी वाटायला लागली आणि आम्ही गल्लीच्याच टोकाला मोठ्या फ्लॅटमध्ये निघालो. माळा रिकामा करताना दोन पोती निघाली. एकात ह्यांचे डंबेल्स, जुना स्टोव्ह, नळाच्या तोट्या. दुसऱ्यात माझं शिक्षण.

म्हणजे हाडं. आमच्या वेळी डॉक्टरकीच्या पहिल्या वर्षाला खरी हाडं विकत घ्यावी लागत. वरच्या वर्गातली मुलं खालच्यांना विकायची. पुरा सांगाडा परवडायचा नाही, म्हणून दोघींत मिळून एक घ्यायचा आणि हातपाय वाटून घ्यायचे. उजवी बाजू माझी, डावी माझ्या मैत्रिणीची. कवटीसाठी आम्ही छापाकाटा केला होता, ती मला मिळाली. पास झाल्यावर पुढच्या वर्गाला विकून टाकायची, ही रीत. मैत्रिणीनं विकली. मी भावनाप्रधान! आठवण म्हणून ठेवली. लग्नात रुखवतावर मांडायचीच काय ती बाकी होती. पुढे संसाराच्या धबडग्यात पोतं माळ्यावर गेलं आणि मी ते साफ विसरले.

हे दुसरं पोतं उचलताना भंगारवाला म्हणाला होता, "बाई, बगू का आत काय हाय?"

मी म्हटलं, "बघायचं काय त्यात? लोखंड आहे. उचल."

पण पुढचं सांगायच्या आधी आमचे सर सांगायला हवेत. त्यांच्याशिवाय या गोष्टीला कणा नाही.

सर आम्हाला शरीररचनाशास्त्र शिकवायचे. उंच, किडकिडीत, शर्टाला कडक इस्त्री आणि पँटीच्या पायाला सायकलची क्लिप. पुढे सायकल जाऊन लूना आली तरी क्लिप राहिली. मूळचे नागपूरकडचे. पुण्यात येऊन त्यांनी पुणेरी टोमणा आत्मसात केला होता, पण तो ते नागपुरी संथपणे मारायचे. त्यामुळे आपल्याला टोमणा बसलाय हे कळायला दोन दिवस लागत. खरोखर रागावले की मात्र पुणं गळून पडायचं आणि "काय करून राहिली तू?" असं निघायचं. ते ऐकलं की आख्खा वर्ग गार.

पहिल्या दिवशी मी डिसेक्शन हॉलमध्ये शिरले ती दोन वेण्या, कडक एप्रन आणि बोर्डात नंबर आल्याची मिजास घेऊन. संगमरवरी टेबलांवर माणसं झोपवलेली. बाकीच्या मुली रुमाल नाकाला लावून भिंतीला चिकटलेल्या. मी म्हणजे शूर! सरळ पुढे गेले आणि माझी शबनम पिशवी, आतल्या जेवणाच्या डब्यासकट, एका टेबलाच्या कोपऱ्यावर ठेवली. तिथल्या माणसाच्या पावलांशेजारी.

सर शांतपणे आले. माझ्याकडे बघितलंच नाही. टेबलावरच्या माणसाकडे वाकून म्हणाले, "अहो, माफ करा हं. मुलगी हुशार आहे असं ऐकतो. घरी कुणी शिकवलं नसेल."

मग मला म्हणाले, "उचल. आणि त्यांना सांग, चूक झाली."

"कुणाला सर?"

"मी आत्ता कुणाशी बोललो?"

मी एका मृत माणसाची माफी मागितली. भिंतीला चिकटलेल्या मुली हसल्या आणि त्यांची भीती गेली. माझी शिस्त आणि त्यांचं धैर्य, एका डब्यात दोन कामं. सरांचं असंच असायचं.

ते मेलेल्यांना अहो-जाहो करत आणि जिवंतांना अरे-तुरे. टेबलावरच्या मंडळींना ते ‘पाहुणे’ म्हणत. "तिसऱ्या टेबलावरच्या पाहुण्यांनी आयुष्यभर डोक्यावर ओझी वाहिलीत. मानेचे मणके बघा. तुम्ही कुणी मणका झिजेल असं काही करणार आहात का?" आम्ही खाली बघायचो. ‘बेवारस’ हा शब्द त्यांच्या हॉलमध्ये चालत नसे. एकदा एक मुलगा बोलून गेला, तर सर म्हणाले, "बेवारस कुणी नसतं. वारस हजर नसतात. तू नव्हतास हजर, मी नव्हतो."

दर वर्षी पहिल्या तासाला त्यांचं एकच वाक्य असायचं. फळ्यावर काही न लिहिता, हात मागे बांधून, उद्याचं वेळापत्रक सांगावं तसं सांगायचे: "चोरीचा माल आहे. जपून वापरा."

मग इतिहास. विलायतेत डॉक्टरांना शिकायला मढी हवी होती आणि कायदा फक्त फाशी दिलेल्यांची द्यायचा. तेवढ्यानं भागेना, तेव्हा ताजी थडगी उकरून मढी विकणारे निघाले. गरिबांनी आपल्या माणसाच्या थडग्यावर पाळीपाळीनं पहारे केले, ज्यांना परवडलं त्यांनी लोखंडी पिंजरे बसवले. पुढे तर काहींनी थडगं उकरायचे कष्टही वाचवले. जिवंत माणसाला दारू पाजून आधी मारायचं आणि मग विकायचं. घेणारे प्राध्यापक थोर होते, त्यांनी कधी चौकशी केली नाही. बोभाटा झाला तेव्हा सरकारनं कायदा केला, की गरिबाश्रमात मेला आणि कुणी न्यायला आलं नाही, तर तो डॉक्टरांचा.

"म्हणजे चोरी थांबली का?" सर विचारायचे आणि स्वतःच उत्तर द्यायचे. "नाही. पहारा करणाऱ्यांना घरी पाठवलं."

आपल्याकडेही तसलाच कायदा आला. आणि हाडांचं तर उलटंच झालं. आपल्या स्मशानांतून, नदीकाठांवरून, कबरींतून गोळा केलेली हाडं धुऊन-पुसून, तारा ओवून बोटीनं परदेशी जायची. "साऱ्या जगातले डॉक्टर आपल्या गरिबांवर शिकले," सर म्हणायचे. "जिवंतपणी ज्यांच्या घरी डॉक्टर कधी गेला नाही, अशांवर." पुढे सरकारनं ती निर्यात बंद केली, पण तोवर किती गेली याची गणती कुणी ठेवली नाही.

आम्ही सतरा-अठरा वर्षांचे. वहीत ‘चोरीचा माल’ लिहून घेतलं, खाली दोन रेघा मारल्या आणि परीक्षेत येत नाही म्हणून विसरलो.

मी तर विसरण्यात पहिली. माझ्या कवटीचं मी ‘रमाकांत’ असं नाव ठेवलं होतं. होस्टेलच्या मैत्रिणी जमल्या की त्याला गॉगल लावायचा, माझा स्कार्फ बांधायचा, तोंडात बडीशेपेची पुडी द्यायची. एका मैत्रिणीच्या भावानं फोटोही काढला. तो फिरत फिरत सरांच्या हातात गेला. त्यांनी मला बोलावलं, फोटो टेबलावर ठेवला आणि बोटानं माझ्याकडे सरकवला. मग म्हणाले, "काय करून राहिली तू?" एवढंच. फोटो परतही दिला. मी तो फाडून टाकला, पण रमाकांत हे नाव काही डोक्यातून गेलं नाही. त्याचे परिणाम पुढे येतीलच.

सरांच्या खिशात नेहमी मनगटातलं एखादं छोटं हाड असायचं, वाटाण्याएवढं. कॅन्टीनमध्ये चहा पिताना ते टेबलाखालून तुमच्या तळहातावर ठेवायचे. "न बघता. डावं की उजवं?" चुकलात तर तुमच्या चहाचे पैसे तुम्ही द्यायचे, बरोबर आलं तर तुमचेही ते देणार. मी त्या वर्षी पुष्कळ चहा स्वतःच्या पैशानं प्यायले. माझ्या लग्नात स्टेजवर येऊन त्यांनी ह्यांच्याशी हात मिळवला, तो अंमळ जास्तच वेळ धरून ठेवला आणि मला म्हणाले, "मनगट लहानपणी मोडलेलं आहे. बसवणाऱ्यानं घाई केली. बाकी ठीक वाटतात." सासरच्यांना वाटलं, पत्रिका बघणारे कुणी असावेत.

माझ्या सासूबाई सोवळ्याच्या. मी मढ्यांना हात लावून शिकले, याचं त्यांना शेवटपर्यंत वाईट वाटायचं. हे एकदा मी सरांना हसत हसत सांगितलं. तेही हसले. म्हणाले, "आमच्या घराण्यात मेलेलं जनावर ओढून न्यायचं काम पिढ्यांचं. छप्पन साली आम्ही बौद्ध झालो तेव्हा आजोबांनी सांगितलं, आता या घरात मेलेल्याला हात लागणार नाही. आणि मी बघ. एम.एस. करून तेच धरलं. फरक इतकाच, की आता लोक त्यासाठी देणग्या भरून आपली पोरं माझ्याकडे पाठवतात."

हे देणग्यांचं नंतरचं. सरकारी नोकरीतून निवृत्त झाल्यावर सर एका नव्या खाजगी कॉलेजात शिकवायला गेले. तिथला हॉल वातानुकूलित, भिंतींना टाइल्स, कोपऱ्यात परदेशी प्लॅस्टिकचा सांगाडा. व्यवस्थापनातल्या एका तरुण गृहस्थांनी कौतुकानं त्यांना तो दाखवला. सरांनी सांगाड्याशी हात मिळवला आणि म्हणाले, "छान आहे. हा कधी उपाशी राहिला नाही, कधी पडला नाही, कधी कुणाला कडेवर घेतलं नाही. याच्याकडून मुलांनी काय शिकायचं तेवढं सांगा, म्हणजे मी लागतो कामाला."

पोत्याच्या प्रकरणानंतर काही वर्षांनी सर गेले, तेव्हा मी तिथेच होते. त्यांच्या इच्छेप्रमाणे त्यांना त्यांच्याच हॉलमध्ये नेलं. त्यांच्या पत्नी, आम्ही त्यांना काकू म्हणायचो, शाळेत शिक्षिका होत्या. दाराशी एक तरुण लेक्चरर हात जोडून उभा होता, सरांचाच विद्यार्थी. काकूंनी डोळे पुसले आणि त्याला म्हणाल्या, "हे मात्र चोरीचे नाहीत हं. स्वतःच्या पायानं आलेत समजा." तो पोरगा रडता रडता हसला. मीही.

आता ते पोतं.

भंगारवाला ते घेऊन गेला त्याच्या दुसऱ्या दिवशी दुपारी आमच्या यमुनाबाई भांड्याला आल्या त्या धापा टाकतच. "वैनी, आपल्या भंगारवाल्याला पोलिसांनी नेला! त्याच्या पोत्यात माणूस घावला!"

मला अजून काही उलगडलं नव्हतं. मी म्हटलं, "अगंबाई! कुणाचा माणूस?"

"कुनाचा ते त्यो सांगंना. कुठल्या घरचं पोतं म्हून इचारलं तर म्हनतोय, ध्यानात न्हाई. आता मारत्याल त्याला."

तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला. उजवी बाजू! आणि दुसरी गोष्ट त्याहून टोचली. त्या माणसाला कुणाच्या घरची रद्दी कुठल्या वाराची हे तोंडपाठ. तो विसरणं शक्य नव्हतं. तो माझं नाव सांगत नव्हता.

खरं सांगू? पहिल्यांदा डोळ्यांपुढे आली ती पितळी पाटी. ‘डॉक्टरीणबाईंच्या माळ्यावर मुडदा.’ तेवढी वाक्यरचना करून झाल्यावर मग तो माणूस आला. मी सरांना फोन लावला आणि एका दमात सगळं सांगितलं.

सरांनी पहिला प्रश्न विचारला, "डावी की उजवी?"

"उजवी, सर. आणि कवटी."

"जबडा आहे?"

"आहे."

"मी निघतो. तू थांबू नकोस, पुढे जा. त्या माणसाला तिथे एकट्याला बसवू नकोस."

चौकीत भंगारवाला बाकावर बसला होता, हात गुडघ्यांत घालून. मला बघितलं आणि पटकन नजर दुसरीकडे वळवली. ओळखच नसल्यासारखी! फौजदार तरुण होते. टेबलावर वर्तमानपत्र, त्यावर माझं शिक्षण.

मी म्हटलं, "साहेब, ही हाडं माझी आहेत."

फौजदारांनी मला आपादमस्तक न्याहाळलं. "तुमची कशी? तुम्ही तर उभ्या आहात."

"म्हणजे माझ्या घरची."

"घरची? बरं. बसा." त्यांनी पेन काढलं. "मयताचं नाव?"

आणि मी, घाबरून, सवयीनं, अगदी स्वच्छ आवाजात म्हणाले, "रमाकांत."

फौजदारांनी लिहून घेतलं. "पूर्ण नाव?"

देवा! मी "नाही, म्हणजे, ते आम्ही लाडानं" असं काहीतरी बरळले, आणि ‘लाडानं’ हा शब्द ऐकून त्यांनी हवालदाराला आत बोलावलं. तेवढ्यात बाहेर लूना थांबल्याचा आवाज आला. मला आयुष्यात कुठलंही संगीत इतकं गोड लागलेलं नाही.

सर आले. आधी बाकाशी गेले, भंगारवाल्याला म्हणाले, "नाव काय तुमचं?"

"नामदेव, सायेब."

"पाणी दिलं का यांना कुणी?" हवालदार पाणी आणायला गेला. सरांचा आवाजच तसा होता. आणि मी मनात म्हटलं, कवटीचं नाव माहीत आहे तुला, बाई. दहा वर्षं दारात येणाऱ्या माणसाचं नाही.

मग सर टेबलाशी आले, फौजदारांना आपली ओळख सांगितली आणि हाडं नीट ओळीनं लावायला लागले. फौजदार म्हणाले, "प्रोफेसर, हा अर्धाच आहे. उरलेला कुठे टाकला ते कळलं पाहिजे."

"उरलेला हिच्या मैत्रिणीकडे होता."

"म्हणजे दोघींनी मिळून?"

"हो. वाटून घेतला. एकीला परवडत नाही."

फौजदारांचं पेन थांबलं. सर शांतपणे पुढे म्हणाले, "आणि हा एक माणूस नाही. मांडीचं हाड बाईचं. कवटी पुरुषाची, वय झालेल्या. हा दंड कुणा कोवळ्या पोराचा. निदान चौघे जण आहेत."

"चार खून?" फौजदार उभेच राहिले.

"खून नाहीत. ही भोकं बघा, तार ओवण्यासाठी यंत्रानं पाडलेली. जबड्याला स्प्रिंग. आणि हे इथे वाचा." त्यांनी खांद्याचं हाड पुढे केलं. त्यावर माझ्या अठराव्या वर्षीच्या टपोऱ्या अक्षरांत लाल शाईनं लिहिलं होतं: ‘हे परीक्षेत येतंच!!!’

फौजदारांनी ते दोनदा वाचलं. मग माझ्याकडे बघितलं. त्यांच्या मिशा हलल्या. "आलं होतं का?"

"नाही," मी म्हटलं.

हवालदार फस्सकन हसला. फौजदारांनी ‘रमाकांत’ वर काट मारली आणि म्हणाले, "म्हणजे गुन्हा नाहीच म्हणायचा."

"गुन्हा आहे," सर म्हणाले. "तुमच्या हद्दीत झालेला नाही, इतकंच. यांना कुणीतरी पुरलं होतं, किंवा नदीवर नेलं होतं. तिथून उचललं आणि आम्हाला विकलं. आम्ही विचारलं नाही. मीही नाही, माझ्या वेळी." त्यांनी कवटी हातात घेतली, झिजलेल्या दातांवरून अंगठा फिरवला. "या गृहस्थांनी जाडंभरडं खूप खाल्लंय. इतकं कळतं. कुठले होते, कुणाचे होते, ते आता कुणालाच कळणार नाही."

मग फौजदार अगदी हळू आवाजात म्हणाले, "मग आता यांचं काय करायचं?"

"मी नेतो." सरांनी येताना आणलेला धुतलेला पंचा पसरला, हाडं त्यात बांधली आणि ते गाठोडं लूनाच्या पुढच्या बाजूला, पायांशी नाही, दोन हातांच्या मध्ये ठेवलं. त्यानंतर त्यांनी जुन्या विद्यार्थ्यांना फोन करायचा सपाटाच लावला. पुण्यात जुनी घरं पाडून इमारती उठत होत्या, माळे रिकामे होत होते. "तुझ्या माळ्यावर कुणी आहे का?" असं ते विचारायचे. खूप निघाले. शेवटपर्यंत कॉलेजातल्या एका मोठ्या काचेच्या कपाटात ती सगळी मंडळी होती, आणि सर मुलांना एकेका हाडावरून ते माणूस कसं जगलं असेल ते सांगायचे.

फौजदारांनी नामदेवला सोडलं. लूना निघून गेली. चौकीबाहेरच्या रसवंतीपाशी मी आणि तो उभे राहिलो. त्याच्या गालावर बोटांचे वळ होते. मी रस मागवला. मग म्हटलं, "नामदेव, तुला माहीत होतं ना पोतं माझ्या घरचं आहे? मग सांगितलं का नाहीस? मार खाल्लास माझ्यासाठी."

त्यानं ग्लास खाली ठेवला, तोंड पुसलं आणि मला समजावल्यासारखं म्हणाला,

"बाई, म्या म्हनलं, तुमी मारला आसंल, तर त्यो मारन्याजोगाच आसंल."